पाहुणीची फेरी

पहिलं नाणं दहा सेंटचं होतं. टाकणाऱ्याने ते आईने पसरलेल्या पदरात टाकलं नाही. मुद्दाम तिच्या पायाशी टाकलं, ती वाकते का ते बघायला. ती वाकली. मागच्या रांगेत हसू फुटलं. माझ्या शेजारी उशिरा येऊन बसलेल्या बाईने मला कोपराने ढोसलं.

"कोण गं ही? कुणी आणलं हिला?"

मी म्हणाले, "माहीत नाही."

माझी आई होती ती. हे लिहिताना हात जड होतो. पण लिहिते, कारण त्या हॉलमधलं सगळ्यात नीच काम त्या नाणं टाकणाऱ्याने केलं नव्हतं. मी केलं होतं.

इथे न्यूझीलंडमध्ये, अवोन्डेलला, रविवारी दुपारी आमच्या मराठी मंडळाचा कार्यक्रम होता. विषय होता युरोपातले रोमा लोक, ज्यांना जग जिप्सी म्हणतं. बोलायला आली होती इलोना. स्लोव्हाकियातली रोमा बाई, इथे वृद्धाश्रमात काम करते. तिची भाषा, तिचा इतिहास, शेवटी एक गाणं, असा बेत. मंडळाच्या मेधाताई शेजारी उभ्या राहून तिच्या इंग्रजीचं मराठी करत होत्या, भारतातून राहायला आलेल्या आई-वडिलांसाठी.

इलोनाने आकडे म्हणून दाखवले. येक, दुय, त्रिन. पाण्याला पानी, नाकाला नाख. लोक वेडे झाले. आपलीच माणसं, आपलंच रक्त, हजार वर्षांपूर्वी वाट चुकलेली आपली भावंडं. कुणी तर डोळे पुसले. मग ती म्हणाली की रोमा हे नाव डोम या जातीवरून आलं असावं, असं अभ्यासक मानतात. गाणारे, वाजवणारे, गावाबाहेर ठेवलेले लोक. मेधाताईंनी मराठी केलं, "म्हणजे एक कलावंत समाज." गावाबाहेरचं गाळलं.

मी खुर्चीत आकसले. आम्ही डोंबारी. दोरीवर चालणारे. माझी आजी दोरीवर, आई खाली ढोलकीवर. बाजाराच्या गावात खेळ, तीन दिवस झाले की पाटील म्हणणार, उठा आता. मी आश्रमशाळेत शिकले, इंजिनियर झाले, ईस्ट टामाकीच्या कारखान्यात क्वालिटी बघते. आडनाव असं, की मराठ्यांत खपतं. मंडळात कुणीतरी विचारलं होतं, शहाण्णव कुळी का? मी हसले होते. त्या हसण्यावर मी इथे आठ वर्षं काढली.

आई तीन महिन्यांसाठी आली, तर तिला मी घरातच ठेवलं. जेट लॅग, थंडी, गुडघे, नाना कारणं. त्या दिवशी ती हट्टाला पेटली म्हणून नेलं आणि पुढे म्हाताऱ्यांच्या रांगेत बसवून मी मागे सटकले.

इलोना बोलता बोलता म्हणाली की ती लहानपणी मंद मुलांच्या वर्गात बसायची. मंद नव्हती, रोमा होती. न्यूझीलंडला आल्यावर वीस वर्षं तिने स्वतःला इटालियन म्हणवून घेतलं. आता पुरे झालं, म्हणाली. ती माझंच बिंग फोडतेय असं मला वाटलं.

मग ती गायली. दुसऱ्या कडव्याला आईने कोपऱ्यात ठेवलेली मंडळाची भजनाची ढोलकी उचलली. कुणाला न विचारता. तिला त्या गाण्यातलं अक्षर कळत नव्हतं, पण हात ठेक्यावर बरोबर पडत होते. इलोनाने वळून बघितलं आणि आवाज चढवला. टाळ्या थांबेनात. मेधाताई माईकवर म्हणाल्या, "काय सुरेख वाजवता हो आजी."

तिथे थांबलं असतं तर बरं, असं तेव्हा वाटलं. आज वाटत नाही.

आमच्यात एक रीत आहे. दुसऱ्या पालावरची बाई आपल्या खेळात येऊन खेळली, तर त्या खेळाची फेरी, म्हणजे लोकांत फिरून जमवलेले पैसे, तिची. फिरायचं घरच्या बाईने, पण पदरात पडेल ते सगळं पाहुणीच्या ओटीत रिकामं करायचं. स्वतःला काही ठेवायचं नाही. एवढा मान आमच्यात दुसऱ्या कशाला नाही. आईने पदर पसरला तो या मानासाठी. लोकांना भीक दिसली.

आई दोन रांगा फिरली. कुणी मोबाइल काढला. कुणी म्हणालं, सवयीचं दिसतंय. आणखी नाणी आली, सगळी जमिनीवर. आईने ती वेचली, पदर धरून पुढे गेली आणि गाणं संपवून खुर्चीत बसलेल्या इलोनाच्या मांडीवर तो रिकामा केला. इलोना चटका बसल्यासारखी उठली. नाणी घरंगळली. ती इंग्रजीत म्हणाली, "मी भिकारीण नाही." तिलाही तेच दिसलं होतं.

आई तिथेच उभी. तिने वळून मला शोधलं. सगळ्या हॉलसमोर मला म्हणाली, "आगं, पाहुनीला सांग की. तिचीच फेरी हाय ही." आणि खाली बसून नाणी गोळा करायला लागली.

मेधाताई माईक झाकून मागे माझ्याकडे बघत म्हणाल्या, "अगं, घेऊन जा ना यांना बाहेर. शोभा होतेय."

मी उठले. पुढे जाऊन आईचा हात धरला, उचलली तिला. इलोनाला इंग्रजीत सांगितलं, ही माझी आई, आम्ही डोंबारी, आणि हा तुझा मान होता. ती खुर्चीवर बसून राहिली, तोंडावर हात घेऊन. मग मी मराठीत बोलले. माईकची गरज पडली नाही.

"ज्याने टाकलं त्याने उचलायचं. माझी आई आता वाकणार नाही."

मी लोकांकडे तोंड करून आईला धरून उभी राहिले. बऱ्याच वेळाने एक म्हातारे गृहस्थ आले आणि त्यांनी एक नाणं उचललं. दहा सेंट टाकणारा मोबाइल बघत बसला. मी त्याच्यासमोर जाऊन उभी राहिले. तो म्हणाला, गंमत केली हो, एवढं काय. मी हलले नाही. शेवटी त्याच्या बायकोने वाकून उचललं. तेही मला टोचलं. वाकायला पुन्हा बाईच.

गाडीत आई एवढंच म्हणाली, "तिच्यावर राग नगं धरू. तिला बी लोकांनी पैसं असं खाली टाकूनच दिलं आसंल." माझ्याबद्दल ती काही बोलली नाही. मी ओळख नाकारली ते तिला दिसलं होतं की नाही, मी अजून विचारलेलं नाही.

मंगळवारी मेधाताईंचा फोन आला. आवाज मऊ. तू आधी सांगायचंस ना, आम्ही जातपात मानत नाही, पण असं चारचौघांत काढायचं नसतं. दिवाळीला तू ये, आईंना मात्र आराम करू दे.

हजार वर्षांपूर्वी गेलेली जात त्यांना चालते. पुढच्या रांगेत बसलेली चालत नाही.

मी त्याच दिवशी मंडळाला पत्र पाठवलं. माझं नाव, आईचं नाव, जात डोंबारी. दिवाळीच्या कार्यक्रमात मला अर्धा तास हवा आहे, आई ढोलकी वाजवेल, मी बोलेन, काही गाळणार नाही. उत्तर आलेलं नाही. नाही आलं तरी आम्ही जाणार. हॉलचं दार लावलं, तर पार्किंगमध्ये उभ्या राहू. आमच्या सात पिढ्यांनी उघड्यावरच खेळ केला. दोरीच्या खेळात बघणारे माना वर करतात; या खेळात त्यांना त्या खाली घालाव्या लागतील.