भाड्याचं हसू

स्टुडिओत तिला सगळे हसरी मावशी म्हणत. विनोदी मालिकेच्या चित्रीकरणाला प्रेक्षक बसवतात, त्यांच्या पहिल्या रांगेत बसून हसायचं, हीच तिची नोकरी. ती पोट धरून हसली की मागचे आपोआप हसत. विनोद बहुतेक वेळा मेलेलाच असायचा. त्यात धुगधुगी आणायला मावशी.

मध्येच या मालिकेला समाजसुधारणेची उबळ आली. दर आठवड्याला एक ज्वलंत विषय. म्हातारपण झालं, काळा रंग झाला, आता पाळी बायकोला मारणाऱ्या नवऱ्याची. "हसत हसत लोकांचे डोळे उघडायचेत," लेखक महाशय छाती फुगवून सांगत सुटले. डोळे उघडायचे म्हणजे काय, तर नवरा हात उगारणार, बायको टेबलाभोवती पळणार आणि शेजारी म्हणणार, "वहिनी, व्यायाम छान होतोय!" शेवटी नवऱ्याला उपरती, की झाली समाजाची सेवा.

मावशीची लेक नुकतीच सुजलेला गाल घेऊन माहेरी आली होती. जावयाचे रोज फोन : चुकलो, परत ये. पोरगी डळमळत होती. "काही झालं तरी परत जायचं नाही, मी आहे ना," असं म्हणत मावशी तिला कशीबशी धरून होती.

चित्रीकरणात मावशी हसलीच नाही. फ्लोअर मॅनेजरने आधी खुणा केल्या, मग डोळे वटारले.

"मावशी, झोप लागली का?"

"मार खाणाऱ्या बाईला मी नाही हसणार."

"अहो, त्यात संदेश आहे!"

"मग संदेशालाच हसायला सांगा," म्हणत ती उठली आणि तडक घरी आली. फार दिवसांनी तिला स्वतःचा अभिमान वाटला. लेकीला मात्र ती काही बोलली नाही. तिच्या जखमेवर मीठ कशाला चोळा?

तो भाग लागला तेव्हा मावशी स्वयंपाकघरात होती. बाहेरून हसणं ऐकू आलं. तिचंच, शेवटी किंचित चिरकणारं. जुन्या भागातलं तिचं हसू कापून भामट्यांनी इथे चिकटवलं होतं. ती धावत बाहेर आली.

लेक टीव्हीसमोर ताठ बसली होती. "आई, तू हसलीस?"

"नाही गं! तुझी शपथ, मी उठून आले होते. हे जुनं आहे, त्यांनी जोडलंय…"

पडद्यावर नवऱ्याने बायकोच्या थोबाडीत दिली आणि मावशी खदाखदा हसली.

लेकीने नवऱ्याला फोन लावला. "मला न्यायला या," ती म्हणाली.