ताटातलं नाव

काल आंबेमोहराची नवी पिशवी फोडली, तांदूळ निवडायला ताटात ओतले, आणि त्या वासाने मला थेट बदलापूरच्या आमच्या लग्नाच्या हॉलमध्ये नेऊन बसवलं.

साल एक्क्याण्णव. पुढ्यात तांदळाचं ताट, हातात अंगठी. अंगठीने तांदळात बायकोचं नवं नाव लिहायचं. आत्याने ते पत्रिका बघून ठरवलेलं होतं, वैजयंती. बायको माहेरची मंदा. साखरपुड्यानंतर ती मला एवढंच म्हणाली होती, "आडनाव घेते तुमचं. पण मंदा हे नाव माझ्या बाबांनी ठेवलंय, आणि ते आता नाहीत. तेवढं राहू द्या ना." मी "बघतो" म्हणालो. आत्यापुढे तोंड उघडायची माझी तोवर छाती झाली नव्हती.

"लिही रे, वैजयंती," आत्या कानाशी म्हणाली. मी 'मंदा' लिहिलं.

जवळच्या सिंधी वसाहतीतला, कॅम्प चारचा फोटोग्राफर वाकून ओरडला, "अरे भाऊ, ये तो कार्डवाला ही नाम है! चेंज नहीं किया?" सगळा हॉल हसला. मी चपला कुठे काढल्यात ते आठवू लागलो.

पुढे कित्येक वर्षं हा किस्सा मी स्वतःचा पराक्रम म्हणून सांगत आलो. आता बघताना त्यात मला आत्याच दिसते. तिने ताट स्वतःकडे ओढलं. मंदाने डोळे मिटून घेतले.

"गधड्या, एवढं धाडस केलंस तर नीट दिसेल असं तरी लिही!" असं म्हणत आत्याने स्वतःच्या बोटाने 'मंदा' खोल, ठसठशीत गिरवलं.