पडवीतल्या तिखट शेवया

माणसाला आयुष्यात एकच पदार्थ येत असेल तर तो जगाला किती छळू शकतो, हे ज्याला पाहायचं असेल त्यानं जळगावात आमच्या घरमालकांकडे दोन वर्षं भाड्यानं राहावं. मी चार वर्षं राहिलो. धुळ्याहून बदली होऊन आलो तेव्हा सडाफटिंग होतो, खानावळीचं जेवण मानवत नव्हतं, आणि त्यांच्या पडवीला लागून असलेली खोली मला फारच सोयीची वाटली. इतकी सोयीची खोली सहा महिने रिकामी का पडली होती, हे आधीच्या भाडेकरूला विचारायला हवं होतं. पण तो बिचारा कुठे गेला ते कोणालाच माहीत नव्हतं.

घरमालकांना सगळे नाना म्हणत. जन्मभर त्यांनी एका जिनिंगमध्ये कापूस पारखला. गाडीतल्या कापसाचा पुंजका उपटायचा, दोन्ही अंगठ्यांत धरून ओढायचा, जुळवायचा, पुन्हा ओढायचा आणि धागा किती लांब, किती मजबूत ते डोळे मिटून सांगायचं, ही त्यांची नोकरी. निवृत्तीनंतर कापूस सुटला, सवय सुटली नाही. समोर येईल ती वस्तू नाना ओढून बघत. सदऱ्याची शिवण, झाडूची काडी, मेथीचं देठ, कशाची म्हणून सुटका नव्हती. मी राहायला आलो त्याच्या दुसऱ्याच दिवशी त्यांनी माझ्या कंगव्यातला एक केस काढला, दोन अंगठ्यांत ताणला आणि तुटल्यावर माझ्याकडे दयेनं पाहत म्हणाले, "लांबी बरी शे भाऊ, ताकद नही. जेवण बराबर नही तुमनं." एवढं निदान झाल्यावर उपचार आलाच. तो म्हणजे तिखट शेवया.

आता शेवया म्हणजे दूध, साखर आणि वर तुपाची धार, हे आमच्याकडे रांगतं पोरही सांगेल. नानांना ते मान्य नव्हतं. पडवीच्या कोपऱ्यात त्यांचा स्वतंत्र संसार मांडलेला होता: एक पंपाचा स्टोव्ह, एक काळं पडलेलं पातेलं आणि एक लाकडी पेटी. पेटीत काळा मसाला, सुकं खोबरं, लसणाच्या गड्ड्या, दाण्याचं कूट, मीठ आणि उडदाचे पापड. पातेल्यात तेल तापलं की सालासकट ठेचलेला लसूण, त्यावर खोबरं, मग आच कमी करून काळा मसाला. तो जळायच्या आत तांब्याभर पाणी, चमचाभर कूट, आणि पाण्याला कड आला की दोन मुठी शेवया. दोन मिनिटं झाकण. वर भाजलेला पापड चुरायचा. सगळा कारभार दहा मिनिटांत उरकायचा आणि त्या दहा मिनिटांत अख्ख्या गल्लीला ठसका लागायचा. जळगावचा मे महिना, पत्रे तापून वाजायला लागलेले, माणसं ओला पंचा डोक्यावर घेऊन बसलेली, आणि नाना त्यांच्या हातात वाफाळती वाटी देऊन सांगायचे, "खाय ले, घाम निंघीन, थंड वाटीन." घाम निघायचा. थंड वाटायची वाट बघत मी चार उन्हाळे काढले.

शेवया मात्र मोडलेल्या चालायच्या नाहीत. नाना वाटीतली एक शेवई दोन बोटांनी उचलून उजेडात धरायचे आणि ती किती लांब निघते ते बघायचे. त्या शेवया अक्कांच्या हातच्या होत्या. अक्का म्हणजे नानांच्या मंडळी. दर उन्हाळ्यात त्या मागच्या अंगणात बसून हातानं शेवया करायच्या, इतक्या बारीक की दोरीवर वाळत घातल्या की पलीकडचा माणूस दिसायचा. नाना त्यातली एक हळूच काढायचे, ओढून बघायचे आणि माझ्या कानाशी येऊन सांगायचे, "असा धागा आख्खा खान्देशमा नही." हे त्यांनी अक्कांना कधी सांगितल्याचं मी ऐकलं नाही. शेवया दुधात का घालू नयेत याचं त्यांचं कारणही तेच होतं. दुधात धागा दिसत नाही म्हणे. एवढा माल करायचा आणि पांढऱ्या दुधात बुडवायचा, तर मग करायचा कशाला?

अक्कांचं मत याच्या बरोब्बर उलट होतं आणि ते त्यांनी एकदाच, मी सामान लावत असताना, मला ऐकवलं. "शेवई गोडनी शे. तिले तिखट लावणारा माणूस मना घरमा शे, हाई मनं नशीब." त्यानंतर त्या या विषयावर बोलल्या नाहीत. नानांचा स्टोव्ह स्वयंपाकघरात यायचा नाही, पातेलं आतल्या भांड्यांत मिसळायचं नाही, आणि त्या काळ्या पाण्याचा थेंब आपल्या जिभेला लागायचा नाही, असा त्यांचा कायदा होता. डब्यातल्या शेवया मात्र दर आठवड्याला कमी व्हायच्या. अक्कांना ते दिसत नव्हतं म्हणावं तर त्यांना अंगणातली एक कैरी कमी झालेली दिसायची.

नाना मात्र खाऊ घालायचे ते सबंध जगाला. पोस्टमन, मीटर वाचायला आलेला माणूस, चुकून पत्ता विचारायला थांबलेला पिंपळनेरचा एक शेतकरी, कोणी वाटी संपवल्याशिवाय सुटलं नाही. वाटी रिकामी झाली की नाना खुर्ची पुढे ओढून म्हणायचे, "सांगा." माणूस म्हणायचा, छान आहे. नाना म्हणायचे, "जरा जोरमा सांगा." मग तो घसा खाकरून मोठ्यानं सांगायचा. नाना त्याला खांद्याला धरून स्वयंपाकघराच्या दाराकडे वळवायचे आणि म्हणायचे, "आते परत." आतून फक्त भांडं आपटल्याचा आवाज यायचा. मी कचेरीतून थकून आलो की रोज संध्याकाळी त्या दाराकडे तोंड करून "वा, उत्तम" असं ओरडायचो. धुळ्याला घरी आम्ही अहिराणीच बोलायचो, पण मी सरकारी माणूस, बाहेर शुद्ध बोलण्याचा मला तेव्हा भारी अभिमान होता, म्हणून साक्षीला मीच नानांना फार पसंत पडलो होतो. नानांना आमच्या कौतुकाचं काडीचं मोल नव्हतं. त्यांना फक्त अक्कांनी एकदा, एकदाच ती वाटी तोंडाला लावायला हवी होती. पस्तीस वर्षांच्या संसारात ते घडलं नव्हतं.

या हट्टापायी त्यांनी एकदा सोयरीकच मोडत आणली होती. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, त्यांची मुलगी माहेरी आली होती आणि वरणगावचे जावई तिला न्यायला आले. अक्का देवळात गेलेल्या. एवढी संधी नाना सोडतात होय? त्यांनी स्टोव्ह पेटवला आणि जावयाला पाटावर बसवून तिखट शेवया वाढल्या. जावयाला शेवया वाढायच्या त्या तुपासाखरेच्या, आणि त्याच्या पुढ्यात तिखट जाळ वाटी आली म्हणजे सासरचं माणूस रागावलं आहे, असं त्या भल्या माणसानं धरलं. काय चुकलं ते आठवत त्यानं निमूटपणे वाटी संपवली, डोळ्यांतून पाणी काढत, नानांनी वळवलं तसं दाराकडे तोंड करून मोठ्यानं "उत्तम" म्हटलं आणि अक्का यायच्या आत बायकोला घेऊन निघून गेला. चौथ्या दिवशी त्याच्या आईचा निरोप आला की आमच्या लेकराचं काय चुकलं ते तरी कळू द्या. अक्का गोड शेवयांचा डबा घेऊन स्वतः वरणगावला जाऊन आल्या आणि पुढे महिनाभर नानांशी माझ्यामार्फत बोलल्या. "भाऊ, यासले सांगा, पाणी तापनं." मी सांगायचो. नाना हात बांधून बसलेले असायचे. त्यांचं आपलं एकच चाललेलं, "पन उत्तम म्हणना ना तो?"

पुढे बाजारात दोन मिनिटांत शिजणाऱ्या शेवयांच्या पुड्या आल्या. वाण्यानं एक पुडी कौतुकानं नानांना दाखवली. नानांनी आतली वडी मोडली, एक तार काढली, अंगठ्यांत धरली आणि ती कडकन तुटल्यावर म्हणाले, "वाकडी तार शे. आखूड धागा." पण घरी आल्यावर ते बेचैन झाले. दोन मिनिटं, मसाला, रस्सा, हा सगळा आपला शोध आहे अशी त्यांची खात्री पटली. मग माझ्या शुद्ध मराठीचा उपयोग करून पुडीवरच्या पत्त्यावर एक पोस्टकार्ड धाडण्यात आलं. त्यात सदर पाककृती जळगावच्या पडवीत पस्तीस वर्षांपासून चालू असल्याचं नम्रपणे कळवलं होतं. उत्तर आलं नाही. नानांनी सहा महिने वाट पाहिली आणि एके दिवशी गल्लीत जाहीर करून टाकलं, "उत्तर नही, म्हणजे कबूल शे."

त्या थंडीत अक्कांना चक्कर आली आणि साखरेचा आजार निघाला. डॉक्टरांनी गोड साफ बंद केलं. चहासुद्धा फिका.  मी मनात म्हटलं, झालं, आता नानांचं राज्य आलं. दुधाच्या शेवया बंद म्हणजे तिखटावाचून अक्कांना गत्यंतर नव्हतं. पण नानांनी स्टोव्ह पुसून पेटीत ठेवला आणि पेटीला कडी लावली. पोस्टमन दोनदा वास घेत घुटमळून गेला. मी विचारलं तर म्हणाले, "आता नको, भाऊ. आता तिला नाही म्हणायची सोय नाही राहिली. असं नको." नानांनी शुद्ध मराठीत बोललेलं ते माझ्या आठवणीतलं पहिलंच वाक्य. माझ्या सगळ्या टिंगलीतली हवाच गेली, आणि मी उगाचच सायकल पुसायला गेलो.

अक्कांनी त्याही वर्षी शेवया केल्या. आखाजीला मुलगी आली, जावईही आले, जरा जपूनच आले. अक्कांनी सगळ्यांना आपल्या हातानं दुधातल्या शेवया वाढल्या, तूप सोडलं, आग्रह केला, आणि स्वतः भाकरी आणि वांग्याची भाजी घेऊन कोपऱ्यात बसल्या. नाना वाटीला हात न लावता बसून राहिले. मी, मुलगी, जावई, आम्ही सगळे खाली बघून जेवत होतो. मग अक्का उठल्या. स्वयंपाकघराचा उंबरा ओलांडून, आपली रोजची पितळी वाटी घेऊन त्या पडवीत आल्या, लाकडी पेटीची कडी काढली आणि म्हणाल्या, "पेटवा."

ज्या माणसानं हजार वेळा तो स्टोव्ह पेटवला होता त्याला पिन घालता येईना. तिसऱ्या काडीला तो पेटला. लसूण करपला, शेवया टाकताना मोडल्या, पापड भाजायचा राहून गेला. अक्का पाटावर बसून सावकाश खात होत्या आणि आम्ही सगळे परीक्षेचा निकाल लागायचा असल्यागत उभे होतो. नानांना "सांगा" म्हणायचं धाडस झालं नाही. अर्धी वाटी झाल्यावर अक्कांनी वर पाहिलं.

"मीठ कमी शे."

दुसऱ्या कोणी हे म्हटलं असतं तर नानांनी त्याची जीभ ओढून लांबी मोजली असती. ते मुकाट्यानं वाकले, हाताशीच असलेल्या पेटीतलं मीठ विसरले आणि लगबगीनं अक्कांच्या स्वयंपाकघरात मीठ शोधायला गेले. डबे उघडल्याचे आवाज येत राहिले. ते परत आले तोवर अक्कांची वाटी चाटूनपुसून रिकामी झाली होती. त्या दिवसापासून रोज दुपारी अक्कांची पितळी वाटी पडवीत यायला लागली आणि रोज दुपारी त्या एकच वाक्य बोलायच्या. वाईट म्हणाल्या नाहीत, चांगलं तर नाहीच नाही.

माझी बदली पुन्हा धुळ्याला झाली, लग्न झालं, पत्रं आधी लांबली मग थांबली. अक्का गेल्याचं मला दोन वर्षांनी कळलं. याची मला आजही लाज वाटते. कचेरीच्या कामानं जळगावला गेलो तेव्हा वाट वाकडी करून पडवीत डोकावलो. नाना तिथंच होते. त्यांनी माझा हात धरून ओढला, म्हणजे ओळख पटली असावी. मला काही बोलू न देता स्टोव्ह पेटवला. शेवया मुलीनं वरणगावहून पाठवलेल्या, यंत्रावरच्या, जाड. त्या त्यांनी ओढूनसुद्धा पाहिल्या नाहीत. मी त्यांच्या हाताकडे बघत होतो. त्यांनी चिमूटभर मीठ घेतलं आणि त्यातलं निम्मं परत पेटीत टाकलं.

"नाना, मीठ?" मी म्हटलं.

"पहिल्या दिवशी घाबरून खरंच कमी पडलं होतं," ते रस्सा ढवळत म्हणाले. "मग मीच मुद्दाम कमी घालत गेलो. तिले बोलाले काही पाहिजे ना. तिले बी माहीत होतं. आता पुरं मीठ घालाले हातच होत नही."

त्यांनी वाटी माझ्या हातात दिली. खुर्ची पुढे ओढली नाही, सांगा म्हणाले नाहीत, दाराकडे पाहिलंही नाही. दोन घास खाल्ले. चार वर्षं त्या पडवीत मी रोज शुद्ध मराठीत खोटं ओरडलो होतो. आता घशातून आमच्या धुळ्याचीच बोली आली, आणि मी ती स्वयंपाकघराच्या दाराकडे तोंड करून, जरा मोठ्यानंच बोललो.

"नाना, मीठ कमी शे."

 नाना गुडघ्यावर हात टेकून उठले आणि मीठ आणायला आत गेले. पेटी माझ्या पायाशीच होती. आतून डबे उघडल्याचे, लावल्याचे आवाज येत होते. मी घाई केली नाही. बऱ्याच वेळानं ते मीठ घेऊन बाहेर आले, तोवर माझी वाटी संपली होती.