आवाज ओळखलेलं पिल्लू

क्रौंच पक्ष्यांच्या केंद्रात त्यांना सगळे बाई म्हणत. काम पिल्लं वाढवायचं, पण अवाक्षर काढायचं नाही. अंगभर पांढरा झगा, चेहऱ्यावर जाळी आणि हातात क्रौंचाच्या डोक्याची बाहुली. तिच्या चोचीनंच भरवायचं. पिल्लाला माणसाचा लळा लागला की रानात सोडूनही ते माणसांकडेच येतं आणि कुणाच्या तरी बंदुकीपुढे सापडतं. क्रौंच आता बोटांवर मोजण्याइतके उरलेले, म्हणून नियम कडक. घरी नवरा कुरकुरायचा, की दिवसभराचं बोलणं साठवून आणतेस आणि माझ्या डोक्यावर ओततेस.

एका सकाळी बाई दाणे भिजवत होत्या. वळून पाहतात तर सगळ्यात अशक्त पिल्लू पाण्याच्या टोपात उलटं पडलेलं. त्यांनी झडप घातली, जाळी निघून पडली. पिल्लाला छातीशी धरून चोळता चोळता तोंडातून निघून गेलं, "ऊठ ना गं बाळा, ऊठ." पिल्लानं डोळे उघडले ते बाईंच्या उघड्या चेहऱ्यावर.

बाईंनी केंद्राच्या डॉक्टरांना लगेच सांगितलं. ते रागावले नाहीत, बघू म्हणाले. पण पुढे थवा दलदलीत सोडला, तेव्हा बाकीचे उडून गेले आणि टोपातून वाचलेली ही पक्षीण एकटी परत आली. बायका बोलताना दिसल्या की त्यांच्यामागे चालायची. एकदा तर भर रस्त्यावर गेली. शेवटी तिला पिंजऱ्यात आणलं, आणि बाई तिला झग्याशिवायच भरवू लागल्या.

"किती दिवस ठेवायचं?" बाईंनी विचारलं.

"जगेल तोवर," डॉक्टर म्हणाले. "नीट जगली तर तीसेक वर्षं."

बाईंनी पन्नाशी ओलांडली होती.

त्याच सुमारास परगावच्या लेकीला दिवस गेले. बाईंनी नोकरी सोडून तिच्याकडेच राहायला जायचं, हे घरात केव्हाच ठरलेलं. नवऱ्यानं भांडीसुद्धा बांधून ठेवली होती. बाई गेल्या, आणि इकडे पक्षिणीनं खाणं टाकलं. दुसऱ्या बाईनं झगा घालून पाहिला, बाहुली धरून पाहिली. चोच मिटलेलीच. मग डॉक्टरांनी पिंजऱ्याशी फोन धरला. लेकीच्या स्वयंपाकघरातून बाई विनवत राहिल्या, "खा गं, खा ना." पक्षीण फोनच्या मागे जाऊन शोधायला लागली, असं डॉक्टर म्हणाले.

लेक ओट्याला टेकून ऐकत होती. "आई, मी तुला जा म्हणणार नाही," ती म्हणाली. "पण राहिलीस तरी तू इथं नसशील."

बाई परतल्या. नवराही मागोमाग आला. म्हणाला, या वयात सवत आली, तीही पिसांची. भांडी पुन्हा फळीवर चढली.

डॉक्टरांनी एक नवी मुलगी कामावर घेतली. पक्षिणीला तिची सवय व्हावी म्हणून ती रोज बाईंच्या शेजारी बसायची आणि रोज चोचीचे वळ घेऊन घरी जायची. कधीकधी बाईंना त्या पक्षिणीचा राग यायचा. भरवून झालं तरी ती बाईंचा पदर सोडायची नाही, आणि बाईंना तो हिसकावून घ्यायचा धीर व्हायचा नाही.

नात रांगायला लागली तेव्हा लेकीनं फोन केला, दोन दिवस तरी ये म्हणाली. बाईंनी पिंजऱ्याकडे पाहिलं. पुढच्या वर्षी नक्की, असं त्या म्हणाल्या. लेक बरं म्हणाली.