बहिणीला लोकस नाही

“तुम्ही मयताच्या कोण?” मॅजिस्ट्रेट मॅडमनी विचारलं.

“बहीण हाय मी त्याची. सख्खी,” कुसुमताई म्हणाल्या.

सरकारी वकील लगेच उठले. “मॅडम, केस बंद करायला फिर्यादीची काही हरकत नाही. या बाईंना लोकस नाही.”

महाडच्या कोर्टात मी बरीच वर्षं वकिली करतोय. हा शब्द आला की क्लायंट गोंधळतो. लोकस म्हणजे कोर्टापुढे उभं राहून दाद मागण्याचा हक्क. तुमचं म्हणणं खरं असेलही. पण ते मांडण्याचा हक्क तुमचा आहे का, हे कोर्ट आधी बघतं.

कुसुमताई शिवथरच्या खोऱ्यातल्या. त्यांचा भाऊ दत्ता एका खडी क्रशरवर डंपर चालवायचा. पोलादपूरजवळ उतारावर डंपर उलटला. दत्ता गेला, शेजारी बसलेला मजूरही गेला. क्रशरच्या मुकादमाने फिर्याद दिली की ड्रायव्हरने गाडी भरधाव चालवली. पोलिसांनी दत्तालाच आरोपी केलं आणि आरोपी मयत, म्हणून केस बंद करण्याचा रिपोर्ट कोर्टात पाठवला. आम्ही याला ॲबेट समरी म्हणतो. ती मंजूर झाली की विषय संपला. मजुराचा जीव दत्ताने घेतला, हेच कायमचं राहणार होतं.

मी युक्तिवाद केला. मॅडमनी शांतपणे ऐकून घेतलं.

“वकीलसाहेब, कायदेशीर वारस आले तर मी जरूर ऐकेन. वारस कोण आहेत?”

“फक्त पत्नी. आईवडील हयात नाहीत, मूलबाळ नाही.”

“मग त्या कुठे आहेत?”

मी कुसुमताईंकडे पाहिलं. मग मी वेळ मागून घेतला. मॅडमनी पुढची तारीख दिली.

व्हरांड्यात मी म्हटलं, “ताई, वहिनींना घेऊन या.”

“सविता माहेरी हाय. ती नाय यायची.”

“का?”

मग त्यांनी सांगितलं. दत्ताच्या दहाव्याला त्यांनीच सवितेला सगळ्यांदेखत पांढऱ्या पायाची म्हटलं होतं. त्याच दिवशी ती घर सोडून गेली होती.

केस इथेच संपली, असं मी धरून चाललो. पण पुढच्या तारखेला दोघी एकाच रिक्षातून उतरल्या.

काय झालं ते माझ्या ऑफिसात सवितेने सांगितलं. “माझ्या भावानं घरात घेतलं नाय त्यांना. अंगणातच बसून ऱ्हायल्या. मी बाहेर आले तर म्हणाल्या, शेजारच्या बायांना बोलव गो. चारचौघांत बोलले तुला, माफी पण चारचौघांतच मागनार.”

कुसुमताई खिडकीबाहेर बघत होत्या, जणू दुसऱ्याच कुणाची गोष्ट चालली होती.

या वेळी लोकसवर कुणी उठलं नाही. मॅडमनी सवितेला विचारलं, “तुमचं म्हणणं काय?”

“त्या दिवशी ब्रेक लागत नाय म्हणून हे कामावर गेले नव्हते. मुकादम घरी आला. गाडी काढ, नायतर उद्यापासून येऊ नको, बोलला. मीच च्या दिला त्याला.”

“हे तपासात सांगितलंत?”

“मी माहेरी होते. मला कोनी इचारलंच नाय.”

मॅडमनी समरी नामंजूर केली आणि पुढील तपासाचे आदेश दिले. डंपर अजून पोलीस स्टेशनच्या आवारात गंजत उभा होता. आरटीओच्या इन्स्पेक्टरने चाकं उघडून पाहिली, तर ब्रेक लायनर झिजून संपलेले. नव्या चार्जशीटमध्ये क्रशरमालक आणि मुकादम आरोपी झाले. आरोपीच्या रकान्यातून दत्ताचं नाव निघालं.

खटला अजून चालू आहे. सविता साक्षीदार आहे. कुसुमताई प्रत्येक तारखेला तिच्यासोबत येतात आणि मागच्या बाकावर बसतात. कोर्टाच्या आदेशात त्यांचं नाव कुठेही नाही. एवढी वर्षं वकिली करून मला सुचलं नसतं ते या बाईने त्या अंगणात बसून केलं.

हल्ली नवा क्लायंट आला की मी कागद नंतर मागतो. आधी विचारतो, घरात कुणाशी बोलणं बंद आहे? बऱ्याच केसेस तिथेच अडलेल्या असतात.