अपसव्याचा पाठभेद

आमची सूनबाई इतरांनी टाकून दिलेल्या जुन्या चित्रफितींपासून नव्या फिती घडवते. कोणाच्या माळ्यावर निघालेली, कोणी खोपटच्या भंगारवाल्याकडे घातलेली रिळे ती आणते, निगुतीने पुसते आणि तुटक्या तुकड्यांची संगती लावते. कोपरीच्या आमच्या घरातली आतली खोली तिच्या यंत्रांनी भरली आहे. माझी हयात जुन्या पोथ्यांचे पाठ जुळवण्यात गेली; त्यामुळे तिचा हा उद्योग मला कधी परका वाटला नाही.

गेल्या माघात तिची एक फीत डोंबिवलीच्या एका सभागृहात दाखवायची ठरली. अनोळखी घरांतील मंगलकार्ये एवढाच तिचा विषय, आणि शेवट एका लहानशा तुकड्यावर: पाटावर बसलेले एक गृहस्थ पळीने तळहातावर पाणी घेऊन आचमन करतात आणि शेजारी बसलेल्या पत्नीकडे पाहून हसतात. पूर्वतयारी पाहायला आलेले एक परिचित मात्र तिला म्हणाले, "जानवे उजव्या खांद्यावर आहे. हे अपसव्य. श्राद्धाचे चित्र मंगलकार्यांत कसे घातले?"

ती घरी आली ती उतरल्या चेहऱ्यानेच. "बाबा, तो तुकडा काढून टाकते. कुणाच्या घरचं श्राद्ध मी लग्नमुंजींत मिसळलं. पण तो गेला की फितीत जीवच राहत नाही."

"आधी पाहू तरी," मी म्हटले.

पडद्यावर गृहस्थ आले. जानवे उजव्या खांद्यावर होते, यात शंका नव्हती. मटार सोलत बसलेली आमची ही म्हणाली, "बाई गुजराती दिसते."

"आई, नऊवारीत?"

"मग पदर उजव्या खांद्यावर कसा गं?"

मी पुन्हा पाहिले. गृहस्थ डाव्या तळहातावर पाणी घेऊन प्राशन करत होते. डावखुरा मनुष्यही आचमन डाव्या हाताने करत नाही, श्राद्धातही नाही. पोथीत विपरीत पाठ आढळला की मी प्रथम लेखनिकावर संशय घेतो, ग्रंथकारावर नंतर.

"अगं, गृहस्थ चुकलेले नाहीत. तुझी फीत पालथी आहे."

तिने रीळ उजेडात धरले. फितीच्या दोन्ही काठांना भोके असल्याने ती पालथीही यंत्रात चपखल बसते. पूर्वी कोणीतरी तुटलेला तुकडा पालथाच चिकटवला होता. तिने तो सुलटा केला. जानवे डाव्या खांद्यावर आले, पाणी उजव्या हाती, पदरही जागी.

"मंगलच आहे," मी सांगितले. "निःशंक दाखव."

तिने तो तुकडा पुन्हा एकदा पालथा आणि एकदा सुलटा चालवून पाहिला. "बाबा, दोन्ही दाखवते. आधी सापडला तसा, मग सुलटा."

मला ते रुचले नाही. "अशुद्ध कशाला दाखवायचे?"

"तुम्ही पाठभेद तळटीपेत देताच ना? खोडून तर टाकत नाही."

"घ्या. द्या आता उत्तर," मटारातून मान वर न काढता ही म्हणाली.

मी तो पाठ मान्य केला.

डोंबिवलीत फीत संपताना गृहस्थ दोनदा हसले, एकदा उजवीकडे पाहून, एकदा डावीकडे. ते परिचित माझ्या पुढच्याच रांगेत बसले होते. दुसऱ्या खेपेस त्यांचा हात नकळत डाव्या खांद्याकडे गेला आणि सदऱ्यावरूनच त्यांनी आपले जानवे चाचपले.