सिनापातीची संमती

माझी नणंद सिनापाती चर्चमध्ये गायला लागली की मागच्या रांगेतली पेंगणारी म्हातारी माणसंसुद्धा जागी व्हायची. बाजारात भांडायची, गावभर टिंगल करत फिरायची. तोंडाला कुलूप असं नव्हतंच. फक्त भावापुढे ती जपून असायची. भाऊ म्हणजे माझा नवरा लेआवासा, घराण्याचा प्रमुख. आमच्या सामोआत चारचौघांत प्रमुखच बोलतो, बाकीच्यांनी ऐकायचं.

तिचा एकुलता मुलगा मासेमारीला गेला आणि बुडाला. आम्ही आपली माणसं दारासमोरच पुरतो, तसं त्यालाही पुरलं. रोज सकाळी ती थडगं झाडायची, तिथेच बसून कोको प्यायची आणि त्याला दटावायची, "ऊठ रे आळशा, नीरफणस कोण काढणार, तुझा बाप?"

घराच्या पुढच्या-मागच्या जमिनीवर शेजारच्या मोलीओ घराण्याने दावा लावला. तारखेच्या दिवशी म्हातारा मोलीओ कोर्टाच्या व्हरांड्यातच तडजोडीसाठी आमच्यापुढे वाकला, हातात घराण्यातली तलम चटई, आमच्यात याहून मोठी भेट नाही. एवढा माणूस वाकल्यावर आमच्यात कुणी घासाघीस करत नाही. नवरा विरघळला. मागची अळूची जमीन आमची, पुढची त्यांची, अशी तडजोड ठरली. थडगं पुढच्या भागात होतं.

"ते हलवायचं नाही, एवढं लिहून घ्या," मी नवऱ्याच्या कानात म्हटलं.

"मेलेल्या पोराचं लिहून मागू? मोलीओ काय राक्षस आहे? अपमान होईल त्याचा!"

न्यायाधीशांनी विचारलं, "सगळ्यांना मान्य?" लेआवासा हो म्हणाला. सिनापाती काही बोलली नाही. तडजोडीवर कोर्टाचा शिक्का बसला.

म्हातारा सज्जन. जिवंत होता तोवर थडग्यावर फुलं ठेवायचा. तो गेला आणि ऑकलंडहून त्याचा मुलगा आला. त्याला तिथे दुकान बांधायचं होतं. थडगं उचला म्हणाला, आणि कागद दाखवला.

मी सिनापातीला घेऊन वकीलबाईंकडे गेले.

"मला अपील करायचंय," सिनापाती म्हणाली.

"तडजोडीवर अपील होत नाही, मावशी. हा निकाल कोर्टाने तुमच्यावर लादलेला नाही, तुम्हीच मान्य केलाय."

"मी कुठे बोलले?"

"तुमच्यातर्फे भाऊ बोलले. त्यांना तसा अधिकार दिला नव्हता, किंवा कुणी तुम्हाला फसवलं, असं शपथेवर सांगा. मग तडजोड मोडायचा अर्ज करून बघू."

सिनापाती म्हणाली, "तारखेच्या आदल्या दिवशी दादाने विचारलं होतं, कोर्टात तुझ्यातर्फे बोलू का. तूच बोल, म्हटलं मी."

मी तिला कोपर मारलं. "दिला नव्हता म्हण ना! खोटं तर खोटं!"

"बायबलवर हात ठेवून, वहिनी? पोराच्या नावाने?"

मला तिचा असा राग आला होता, आणि घरी बसलेल्या नवऱ्याचा त्याहून जास्त.

थडगं फोडायच्या दिवशी सगळं घराणं जमलं. पहार सिनापातीनेच चालवली, कुणाला हात लावू दिला नाही. हाडं कापडात बांधून झाली तेव्हा लेआवासा पुढे आला, प्रार्थनेसाठी घसा खाकरला. ते प्रमुखाचंच काम.

"दादा, मागे हो," ती म्हणाली. "माझ्या पोराचं बोलायचं ते तू बोलून बसलायस."

प्रमुखाला असं बोललेलं आमच्या गावात कुणी ऐकलं नव्हतं. लेआवासा मागे झाला. प्रार्थना तिनेच म्हटली. तो एकटाच उभा होता बाजूला, आणि माझ्याने काही त्याच्या शेजारी जाऊन उभं राहवलं नाही.